सानादा ‘उशिरा’ मोठा झाला का? फाइटरचा नट होण्याबद्दल

तुम्ही लिहिलंय की वय २६, कराटेत ब्लॅक बेल्ट, मुंबईत सिनेमांत फाइटर म्हणून कामं मिळायला लागली आहेत. ‘शोगुन’ मालिका पाहिली आणि हिरोयुकी सानादा डोक्यात बसला. मारामारीच्या सिनेमांतून आलेला माणूस ६३व्या वर्षी मुख्य भूमिकेचं एमी, म्हणजे अमेरिकन टीव्हीचं मोठं बक्षीस, घेऊन जातो. म्हणजे आपणही अंगात दम आहे तोवर अ‍ॅक्शनमध्ये नाव करावं, पुढे भूमिका चालून येतीलच, घाई कसली, असा तुमचा हिशोब. तो बरोबर आहे का, असं विचारलंय. शेवटी जपानला जाऊन शिकावं का, हेही विचारलंय.

मी आधी फाइटर होतो, मग बरीच वर्षं असिस्टंट, आता स्वतः फाइट मास्टर म्हणून कामं घेतो. जपानी तलवारबाजीचे सिनेमे मी करमणूक म्हणून कमी आणि कॅमेरा कुठे ठेवलाय हे बघायला जास्त पाहिलेत. त्यामुळे सानादाबद्दल बोलायला मला आवडेल, पण तुमचा हिशोब पहिल्याच ओळीत चुकलाय. सानादा मारामारीतून अभिनयात आलेला नाही. तो आधी नट होता, मारामारी नंतर शिकला.

त्याचा जन्म १९६०चा. १९६६ साली, पाच वर्षांचा असताना, तो पहिल्यांदा पडद्यावर आला, आणि त्या सिनेमात त्याच्या बापाचं काम करत होता शिनिची चिबा, ज्याला परदेशात सॉनी चिबा म्हणतात. चिबा समजल्याशिवाय सानादा समजत नाही, म्हणून जरा त्याच्याकडे वळतो.

चिबा मूळचा जिम्नॅस्ट. ऑलिंपिकची स्वप्नं होती, पण पाठीच्या दुखापतीने ती संपली. क्योकुशिन कराटेचे संस्थापक मासुतात्सु ओयामा यांच्याकडे तो शिकला, म्हणजे अंगाला ठोसा लागतो ते कराटे, नुसतं पॉइंटचं नाही. १९६०च्या सुमारास तोएई या सिनेमा कंपनीत नवा चेहरा म्हणून शिरला. किंजी फुकासाकुने दिग्दर्शक म्हणून १९६१ साली पहिला सिनेमा केला, त्यात नायक चिबाच. १९६८ ते १९७३ चाललेल्या ‘की हंटर’ या मालिकेने तो घराघरात पोचला. आणि ती मालिका चालू असतानाच, १९७० मध्ये, त्याने ‘जपान अ‍ॅक्शन क्लब’ काढला. उद्देश असा, की नट आणि स्टंटमन या दोन वेगळ्या जाती राहू नयेत. उडी मारणाऱ्याला भूमिका करता यावी, आणि भूमिका करणाऱ्याला उडी मारता यावी.

सानादा मिसरूड फुटायच्या वयात त्या क्लबमध्ये गेला. बालनट म्हणून कॅमेऱ्याची भीती आधीच गेलेली होती. तिथे त्याने अंग कमावलं, आणि त्याच्या जोडीला पारंपरिक जपानी नृत्यही शिकला. ही गोष्ट लक्षात ठेवा. त्याच्या तलवारीत कमरेखालचा भाग किती शांत असतो, ते त्या नृत्यातून आलंय असं मला वाटतं. १९७८च्या ‘याग्यू’ घराण्यावरच्या फुकासाकुच्या सिनेमात चिबा त्या घराण्यातला तलवारबाज जुबेई होता आणि सानादाला पोरगेलेशी, पण पात्राला नाव असलेली भूमिका होती. मग ऐंशीच्या दशकात तो स्वतः अ‍ॅक्शन हिरो झाला, हाँगकाँगलाही जाऊन आला. १९८२चा ‘निंजा इन द ड्रॅगन्स डेन’ मिळाला तर बघा, त्या वयातली त्याची चपळाई त्यात दिसते.

आता तुमच्या कराटेबद्दल, कारण इथे ब्लॅक बेल्टवाले हमखास अडतात. डोजोत, म्हणजे कराटेच्या वर्गात, शिकवतात की ठोसा समोरच्याला दिसता कामा नये. कॅमेऱ्यासमोर बरोबर उलट. ठोसा निघण्याआधी तो प्रेक्षकाला कळला पाहिजे, आणि समोरच्या फाइटरला त्याच्याही आधी. नजर जाते, खांदा उघडतो, मग हात. ठोसा आणि गाल यांच्यात वीतभर फट असते. कॅमेरा दोघांपैकी एकाच्या खांद्यामागे असेल तर ती दिसत नाही. बाजूला सरकला की उघडी पडते, आणि मग तुम्ही कितीही जोरात मारा, मॉनिटरवर हवेतच हात फिरवल्यासारखं दिसतं. नव्या कराटेवाल्याला माझ्याकडे सुरुवातीला फक्त हळू व्हायला शिकावं लागतं. वेगवान माणूस शॉटमध्ये वाया जातो. एडिटरला कुठे काटायचं तेच कळत नाही. सानादाचे जुने सिनेमे बघताना हे बघा: वार करण्याआधी तो अर्धा क्षण थांबतो, आणि त्या अर्ध्या क्षणात चेहरा देतो. तो चेहरा बालनटाचा आहे, फाइटरचा नाही.

पुढे त्याने जे केलं ते तुमच्या हिशोबाच्या नेमकं विरुद्ध आहे. अ‍ॅक्शनला मागणी जोरात असताना, वय २३-२४ असताना, त्याने १९८४ साली ‘माहजोंग होरोकी’ केला. युद्धानंतरचं टोकियो, कृष्णधवल, जुगारी पोरगा. दिवसरात्र टेबलाशी बसून माहजोंगच्या खेळातले फासे आणि पत्त्यांसारख्या सोंगट्या, त्यांवर नजर. उडी एकही नाही. १९९१ साली एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीच्या वर्षभर चालणाऱ्या ऐतिहासिक मालिकेत, ‘ताइहेइकी’मध्ये, आशिकागा ताकाउजी ही मुख्य भूमिका केली. १९९३ला ‘हायस्कूल टीचर’ या नावाने ओळखली जाणारी मालिका, त्यात शिक्षक. १९९८चा ‘रिंगु’ हा भयपट तुम्ही पाहिला असेल. टीव्हीच्या पडद्यातून सादाको हे भूत सरपटत बाहेर येतं तेव्हा त्याच्यासमोर जो मागे मागे सरकत कोसळतो, तो सानादाच. किती जणांना हे सांगितलं की विश्वास बसत नाही!

१९९९मध्ये तर त्याने मोठा जुगार खेळला. युकिओ निनागावाच्या दिग्दर्शनाखाली रॉयल शेक्सपिअर कंपनीच्या ‘किंग लिअर’मध्ये विदूषक. नायजेल हॉथॉर्न लिअर, बाकी सगळे ब्रिटिश नट, आणि एकटा सानादा जपानी, तोही परक्या इंग्रजीत, तेही शेक्सपिअरच्या. जपानमध्ये स्टार असलेला, चाळिशीला टेकलेला माणूस लंडनच्या रंगमंचावर जाऊन उच्चारापासून सुरुवात करतो. ब्रिटनने २००२ साली त्याला एमबीई हा मानद किताब दिला. इंग्रजी काम मिळवण्याचं त्याचं खरं प्रवेशपत्र मला तेच वाटतं, तलवार नव्हे.

आता २००२चा ‘ट्वायलाइट सामुराई’, कारण तुमच्या प्रश्नाचं उत्तर शोधायचं तर त्यातल्या शेवटच्या द्वंद्वात शोधा. दिग्दर्शक योजी यामादा, वयस्क, घरगुती गोष्टी सांगण्यात हयात गेलेले. तलवारीचा सिनेमा त्यांनी त्याआधी केलेला नव्हता. सानादा सेइबेई नावाचा कमी पगाराचा कारकून सामुराई आहे. बायको क्षयाने गेलेली, दोन मुली, विसराळू म्हातारी आई, कपडे फाटके. संध्याकाळ झाली की मित्रांबरोबर प्यायला न जाता घर गाठतो, म्हणून त्याला ‘ट्वायलाइट’, म्हणजे संधिप्रकाश, असं चिडवायचं नाव पडलंय.

वरिष्ठ हुकूम देतात की योगो नावाच्या एका बंडखोर योद्ध्याला त्याच्या घरात जाऊन मार. सेइबेई जातो. घर बुटकं, अंधारं, माश्या. योगो हातातलं मद्य पुढे करतो आणि दोघे बसून बोलत राहतात, किती तरी वेळ. योगोची मुलगी मेलीय, तिच्या अस्थी तो चावून खातो. दोघांचं दुःख सारखंच निघतं. मी पळून जातो, मला सोड, म्हणतो योगो, आणि सेइबेई जवळजवळ तयार होतो. मग बोलण्याच्या ओघात तो सांगून बसतो की बायकोच्या क्रियाकर्मासाठी लांब तलवार विकली, तिच्या म्यानात आहे ते बांबूचं पातं. योगोचा चेहरा बदलतो. मला बांबूने मारायला आलास? आणि तिथून द्वंद्व.

या मारामारीत मी फाइट मास्टर म्हणून काय बघतो, सांगतो. योगो झालेला मिन तानाका हा मूळ नर्तक, सिनेमात पहिल्यांदाच काम करतोय. सेइबेईकडे आखूड तलवार, योगोकडे लांब. खोली एवढी छोटी की लांब तलवारीला हात उचलायला जागा नाही. आधी सेइबेई फक्त टाळतो, मागे जातो, बोलूनही बघतो. त्याला जिंकायचं नाहीये, घरी जायचंय, आणि हे त्याच्या प्रत्येक पावलात दिसतं: टाच मागे, वजन मागे. शेवटी योगो वरून जोरात वार घालतो, पातं दाराच्या चौकटीच्या आडव्या लाकडात रुततं, आणि त्या एका क्षणात सेइबेई आत शिरतो. म्हणजे निकाल लावला घराच्या उंचीने आणि दारिद्र्याने, कौशल्याने नव्हे. असं दृश्य लिहायला आणि बसवायला मोठी माणसं लागतात, पण करायला असा नट लागतो ज्याला खरंच तलवार येते आणि जो ती येत नसल्यासारखा वागू शकतो. त्या भूमिकेसाठी सानादाला जपान अकादमीचा उत्कृष्ट नटाचा पुरस्कार मिळाला आणि सिनेमा परभाषिक विभागात ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला.

इथपर्यंतचा थोडक्यात आढावा: पाचव्या वर्षी अभिनय, किशोरवयात अंग, ऐन उमेदीत मारामारी नसलेल्या भूमिका, चाळिशीत परकी भाषा. ‘उशिरा’ असं यात काहीच नाही. अमेरिकेला तो उशिरा दिसला, एवढंच.

आता दुसरी बाजू, कारण सगळे फाइटर नट होत नाहीत आणि व्हायला हवेत असंही नाही. २००३च्या ‘द लास्ट सामुराई’मध्ये सानादा उजिओ आहे, पावसात टॉम क्रूझला लाकडी तलवारीने पुन्हा पुन्हा पाडणारा. त्याच सिनेमात क्रूझच्या मागे एक शब्द न बोलता सावलीसारखा चालणारा म्हातारा सामुराई आठवतोय? ते सेइझो फुकुमोतो. पंधराव्या वर्षी तोएईच्या क्योतो स्टुडिओत लागले आणि आयुष्यभर मरण्याचं काम केलं. हजारो वेळा पडद्यावर कापले गेले. लोक पन्नास हजार वेळा म्हणतात. तलवार लागली की ते पाठीची कमान करून मागे वाकत, चेहरा उलटा पण कॅमेऱ्याकडे. हिरोला वार चांगला दिसला तो त्या कमानीमुळे. २०१४ साली, सत्तरीत, ‘उझुमासा लाइमलाइट’मध्ये त्यांना मुख्य भूमिका मिळाली आणि माँट्रियलच्या फँटासिया महोत्सवात उत्कृष्ट नटाचा पुरस्कारही. २०२१च्या पहिल्या दिवशी ते गेले. माझ्याकडच्या फाइटर पोरांना मी सांगतो की आधी फुकुमोतो बघा, मग बाकीचे. मार खाणारा चांगला नसेल तर मारणारा कुणीही असो, शॉट पडतो.

आणि चिबाचं काय झालं, तेही बघा. १९७४च्या ‘स्ट्रीट फायटर’ने तो अमेरिकेत माहीत झाला; डोक्यावर ठोसा बसतो तेव्हा कवटी फुटताना एक्स-रेमध्ये दाखवणारा तो सिनेमा, हिंसेसाठी तिथे एक्स, म्हणजे फक्त प्रौढांसाठीचं सर्टिफिकेट मिळालेला. पण परदेशात लोक त्याला त्याच एका चेहऱ्याने ओळखू लागले. जपानमध्ये मात्र त्याची जी भूमिका जाणकार काढतात ती १९७३च्या ‘हिरोशिमा डेथमॅच’मधली ओतोमो, अर्वाच्य, घामट, कराटे नसलेला गुंड. गंमत म्हणजे त्याला आधी दुसरी भूमिका दिली होती. सहनटाला ती हवी म्हणून अदलाबदल झाली. २००३च्या ‘किल बिल’मध्ये तो परत दिसला, सुशीच्या काउंटरमागे उभा, तलवारी घडवणारा, एकही वार न करता. २०२१च्या ऑगस्टमध्ये कोविडने गेला, ८२ वर्षांचा होता.

सानादाची हॉलिवूडमधली वीस वर्षं मात्र तुम्ही समजता तशी विजययात्रा नव्हती. एकेक बघा: ‘सनशाइन’मध्ये कप्तान, लवकर मरतो. ‘रश अवर ३’मध्ये खलनायक, आयफेल टॉवरवर जॅकी चॅनशी तलवारबाजी. ‘वुल्वरिन’मध्ये मरतो. ‘अ‍ॅव्हेंजर्स: एंडगेम’मध्ये पावसात हॉकआयकडून मरतो. ‘जॉन विक ४’मध्ये डॉनी येनकडून मरतो. तलवार हातात द्यायची आणि मध्यंतराच्या आसपास मारायचं, हा तिथल्या जपानी नटाचा ठरलेला रस्ता. तो घेत राहिला, पण रिकाम्या हाताने नाही. ‘लास्ट सामुराई’पासूनच शूटिंग संपल्यावर मागे थांबून जपानी तपशील तपासून देत होता: कुणी कसं बसतं, कंबरेला तलवार कुठल्या बाजूला, कुणासमोर किती वाकायचं. ते काम कराराबाहेरचं, नट म्हणून सांगायलाही मर्यादा.

‘शोगुन’मध्ये तो मुख्य नट आणि निर्माताही झाला. विग, पोशाख, चालणं, तलवार, यांसाठी जपानहून त्या त्या कामातली माणसं आणली. कॅनडात ब्रिटिश कोलंबियात शूटिंग, संवाद बहुतांशी जपानी. आणि तो स्वतः? त्याने केलेला सरदार तोरानागा जवळजवळ लढतच नाही. बसलेला असतो, ऐकतो, डोळे बारीक करतो. शेवटच्या भागात कड्यावर याबुशिगे या त्याच्या मांडलिकाच्या सेप्पुकूच्या, म्हणजे पोट फाडून घेण्याच्या विधीच्या वेळी तो एकदा तलवार चालवतो. एक वार. आयुष्यभर तलवार चालवलेल्या माणसाने ती एवढ्या वेळ म्यानात ठेवली म्हणून तो वार दिसतो. २०२४च्या एमीमध्ये मालिकेला १८ पुरस्कार मिळाले. सर्वोत्कृष्ट मालिकेचा घेताना त्याने जपानीत बोलून आजवर ऐतिहासिक सिनेमे जगवणाऱ्यांचे आभार मानले. त्यात चिबाही आला, फुकुमोतोही.

आता परिस्थितीवर काय अवलंबून आहे, ते सांगायलाच हवं. सानादाला तोएईसारखा स्टुडिओ होता, जो वर्षानुवर्षं ऐतिहासिक सिनेमे काढत होता. चिबासारखा गुरू होता ज्याच्याकडे स्वतःचे सिनेमे होते. आपल्याकडे फाइटर रोजच्या शिफ्टवर, असोसिएशनचं कार्ड, आज इथे उद्या तिथे. मास्टर तुमच्यावर खूश असला तरी तो दिग्दर्शक नाही. भूमिका देणं त्याच्या हातात नसतं. त्यात तुम्ही हिरोचे डुप्लिकेट म्हणून चांगले ठरलात तर आणखी अवघड, कारण मग तुमचा चेहरा न दिसणं हीच तुमची किंमत. गुडघा आणि कंबर यांचं आयुष्यही ठरलेलं असतं. आमच्यात चाळिशीनंतर जमिनीवर पडणारे हाताच्या बोटांवर मोजावेत.

म्हणून सबुरीचा सल्ला मी देणार नाही. कार्ड ठेवा, फाइटची कामं घ्या, घर चालायला हवं. पण बोलण्याची कामं आत्तापासून शोधा, अंग चालतंय तोवरच, सानादाने २४व्या वर्षी शोधली तशी. एकांकिकांच्या तालमींना जा. सांगली असो की दादर, तिथे फाइटर कुणी मागत नाही, त्यामुळे तुम्हाला नटाचंच काम करावं लागेल. छोट्या सिनेमात दोन वाक्यांचा हवालदार मिळत असेल आणि त्याच दिवशी मोठ्या सेटवर फाइटची शिफ्ट असेल, तर महिन्यातून एकदा तरी हवालदार घ्या. पैसे कमी मिळतील, ते गृहीत धरा. आवाजाकडे बघा, फाइटर ओरडून ओरडून घसा बसवून घेतात आणि मग संवाद म्हणता येत नाहीत.

जपानबद्दल. चिबाचा क्लब नाव बदलून आजही चालू आहे, पण तिथल्या माणसांचं बरंच काम मुखवटे घालून टीव्हीवरच्या सुपरहिरो मालिकांत असतं. उत्तम शिक्षण, पण चेहरा तिथेही झाकलेलाच. जपानी बोलता येत नसेल तर आधी भाषा, मग विमानाचं तिकीट.

तुम्ही जोडलेली रील पाहिली. किक स्वच्छ आहेत, उंची छान, लँडिंग पक्कं. पण सव्वा मिनिटात तुमचा चेहरा मला एकदाही पूर्ण दिसला नाही, आणि एकाही शॉटमध्ये तुम्ही मार खात नाही. एक शॉट असा घाला की ज्यात तुम्हाला लागतं, तुम्ही पडता आणि उठता. उठतानाचं कापू नका, आणि त्यावर संगीत लावू नका.